काटकोन त्रिकोण: जी बाजू कामाची नाही ती आधी झाका

प्रश्न: मी सोलापुरात आयटीआयला ड्राफ्ट्समन सिव्हिलच्या पहिल्या वर्षाला आहे. काटकोन त्रिकोणाची सूत्रं मला पाठ आहेत, पण गणित समोर आलं की साइन घ्यायचं, कॉस घ्यायचं की टॅन, हेच सुचत नाही. एक गणित असं होतं: १२ फुटांची शिडी भिंतीला टेकवली आहे, तिचा पाय भिंतीपासून ३ फुटांवर आहे, तर शिडीने जमिनीशी केलेला कोन काढा. माझं उत्तर १.३१८ आलं, पुस्तकात ७५ अंश ३१ मिनिटं आहे. कुठं चुकलं? आणि एकाला एक लागून दोन त्रिकोण आले की मी पारच अडकते. काका, एकदा नीट सांगाल का?

उत्तर: शिडीचं तुझं गणित चुकलेलंच नाही. शिडी हा कर्ण, आणि शिडीच्या पायापासून भिंतीपर्यंतचं अंतर ही त्या कोनाला लागून असलेली बाजू. म्हणून कॉस. ३ भागिले १२ म्हणजे ०.२५. इथवर तू बरोबर आलीस, नाहीतर १.३१८ हा आकडा दिसलाच नसता. कॅल्क्युलेटर रेडियनवर होता, एवढंच झालं. रेडियन हे कोन मोजायचं वेगळं माप आहे. एक रेडियन म्हणजे साधारण ५७.३ अंश. १.३१८ ला ५७.३ नं गुणून बघ, साडेपंच्याहत्तर येतात. अंशांवर लावून तेच गणित केलंस तर ७५.५२ येईल. त्यातल्या ०.५२ ला ६० नं गुणायचं, ३१ मिनिटं मिळतात. पुस्तकाचं उत्तर ते हेच.

कॅल्क्युलेटर हातात घेतला की आधी साइन ३० दाबायचं, ही सवय लावून घे. ०.५ आलं तर पुढं जायचं. उणे ०.९८८ आलं तर तो रेडियनवर आहे. ०.४५४ आलं तर तो ग्रेड नावाच्या तिसऱ्याच मापावर आहे, ज्यात काटकोन १०० चा धरतात. वर्गातला किंवा साइटवरचा कॅल्क्युलेटर दहा हातांतून फिरतो, शेवटी कुणी काय दाबून ठेवलंय ते सांगता येत नाही. मोबाइलचंही तेच.

जाता जाता, तुझ्या पुस्तकातली शिडी सुरक्षित लावलेली आहे. चार फूट उंचीला एक फूट बाहेर, असा शिडी लावायचा नियम आहे आणि त्यातून कोन ७६ अंशांच्या जवळ येतो. साइटवर शिडी ६० अंशांवर दिसली तर वर चढण्याआधी पाय आत सरकवून घे.

आता खरं दुखणं, साइन, कॉस की टॅन.

मी तीस वर्षं शेड, जिने आणि कैच्यांची, म्हणजे छप्पर पेलणाऱ्या त्रिकोणी सांगाड्यांची, आखणी करतोय. अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या यंत्रमागाच्या शेडपासून गच्चीवरच्या सोलरच्या स्ट्रक्चरपर्यंत. हाताखाली आलेल्या बहुतेक पोरापोरींना सूत्रं पाठच असतात. गाडी अडते ती सूत्राच्या आधी. आपण त्रिकोणाच्या कुठल्या कोपऱ्यात उभे आहोत, हे त्यांनी ठरवलेलंच नसतं. कर्ण कुठूनही बघितला तरी कर्णच, काटकोनासमोरची सगळ्यात लांब बाजू. पण 'समोरची' आणि 'लगतची' ही नावं बाजूंची कायमची नावं नाहीत. जुनी गिरणी चौकाच्या समोर की शेजारी, हे तू कुठं उभी आहेस त्यावर ठरतं ना, तसंच हे. शिडीच्या पायाशी उभी राहिलीस तर भिंत समोरची आणि जमीन लगतची. शिडीच्या डोक्यावरून बघितलंस तर जमीन समोरची आणि भिंत लगतची. त्रिकोण तोच, नावं उलटी. 'पाया' आणि 'उंची' या शब्दांनी इथंच घोटाळा होतो, कारण पाया नेहमी खालीच असतो असं डोक्यात बसलेलं असतं. कोनाचं गणित करताना ते दोन शब्द सोडून दे.

तर आकृती काढ. कितीही सोपं गणित असलं तरी काढ. ज्या कोनाबद्दल बोलणं चाललंय तिथं एक टिंब दे आणि त्या टिंबावर उभं राहून तीन बाजूंची नावं लिही: कर्ण, समोरची, लगतची. जी बाजू दिली आहे तिच्यावर माप लिही. जी विचारली आहे तिच्यावर प्रश्नचिन्ह. आता एक बाजू अशी उरते की जी दिलेलीही नाही आणि कुणी विचारलेलीही नाही. ती बोटानं झाक.

कर्ण झाकला गेला, तर टॅन. समोरची झाकली गेली, तर कॉस. लगतची झाकली गेली, तर साइन.

सूत्र निवडायचं म्हणजे एवढंच. साइन म्हणजे समोरची भागिले कर्ण, कॉस म्हणजे लगतची भागिले कर्ण, टॅन म्हणजे समोरची भागिले लगतची. ज्या दोन बाजू बोटाबाहेर दिसतायत, त्या दोघींचंच नाव ज्या सूत्रात आहे ते तुझं. शिडीच्या गणितात कोनासमोरची बाजू म्हणजे भिंत. तिची उंची दिलेली नाही, विचारलेली नाही, झाकली. कर्ण आणि लगतची उरली. कॉस.

आणि कोनाचा काही संबंधच नसेल, दोन बाजू देऊन तिसरीच विचारली असेल, तर झाकायला काही उरत नाही. तिन्ही बाजू कामाच्या. तेव्हा पायथागोरस.

किती माहिती असली की त्रिकोण सुटतो, तेही इथंच सांगतो. काटकोन आपल्याला फुकट मिळालेला आहे. उरले पाच अज्ञात: तीन बाजू, दोन लघुकोन. त्यातल्या कुठल्याही दोन गोष्टी मिळाल्या की बाकीच्या तीन निघतात, फक्त त्या दोनांत निदान एक बाजू हवी. दोन्ही कोन दिले आणि बाजू एकही दिली नाही, तर सुटत नाही. गवंड्याच्या हातातला लहान गुण्या आणि सुताराच्या पेटीतला मोठा गुण्या यांचे कोन सारखे असू शकतात, माप वेगळं. कोनातून आकार कळतो, आकारमान नाही. एक लघुकोन कळला की दुसरा ९० मधून वजा केला की झालं, त्यासाठी कॅल्क्युलेटरला हात लावायचा नाही.

आता माझ्याकडून झालेली चूक सांगतो, कारण ती विद्यार्थ्यांच्या वहीत मला अजून दिसते.

मी नवा होतो, एका वर्कशॉपात कैच्यांच्या कटिंगची मापं काढायचं काम माझ्याकडं आलं. शेड ४० फूट रुंद, पत्र्याचा ढाळ १५ अंश, मधोमध आडं, म्हणजे छपराचा सगळ्यात उंच कणा. म्हणजे अर्ध्या कैचीत काटकोन त्रिकोण: आडवी बाजू २० फूट, भिंतीच्या डोक्यावरचा कोन १५ अंश, आणि हवी होती तिरक्या अँगलची लांबी, म्हणजे कर्ण. समोरची बाजू झाकली की कॉस, हे मी बरोबर ओळखलं. कॉस १५ म्हणजे ०.९६५९. मी २० ला ०.९६५९ नं गुणलं, १९ फूट पावणेचार इंच आले, आणि सोळा अँगल त्या मापानं कापून झाले. फरशीवर खडूच्या दोरीनं पूर्ण मापाची कैची आखलेली होती. मिस्त्रींनी पहिला अँगल उचलून त्या आखणीवर ठेवला. तिरका ठेवायचा तर सोडाच, तो आडव्या २० फुटांच्या रेषेलाही पुरत नव्हता. सोळाच्या सोळा अँगलना तुकडे जोडावे लागले, दोन दिवस गेले. त्या दोन दिवसांत मिस्त्री मला एक शब्द बोलले नाहीत, ते मला जास्त लागलं.

कॉस १५ बरोबर लगतची भागिले कर्ण. इथं अज्ञात कर्ण भागाकाराच्या खाली आहे. म्हणून २० ला ०.९६५९ नं भागायचं होतं: २०.७०६ फूट, म्हणजे २० फूट साडेआठ इंच. फरक साडेसोळा इंचांहून जास्त. नियम असा: अज्ञात बाजू वर असेल तर गुणायचं, खाली असेल तर भागायचं. आणि उत्तर लिहिण्याआधी एकच प्रश्न विचारायचा, कर्ण सगळ्यात मोठा आलाय का? १९ हे २० पेक्षा लहान आहे हे मी बघितलं असतं, तर एकही अँगल वाया गेला नसता. दुसरी पडताळणीही अशीच सोपी: लहान कोनासमोर लहान बाजू, मोठ्या कोनासमोर मोठी. १५ अंशांसमोरची आड्याची उंची २० फुटांपेक्षा बरीच कमी यायला हवी. टॅन १५ म्हणजे ०.२६७९, गुणिले २०, म्हणजे ५.३६ फूट. येते.

आड्याची उंची काढताना मी २० फूट आणि १५ अंश ही दिलेलीच मापं घेतली, आधी काढलेला कर्ण घेतला नाही, हे लक्षात घे. पायथागोरसनंही उंची निघाली असती, पण कर्णात चूक असती तर ती उंचीतही उतरली असती. जमेल तिथं दिलेल्या मापांवरूनच काढायचं आणि पायथागोरस तपासणीला राखून ठेवायचा. इथं २० चा वर्ग आणि ५.३६ चा वर्ग मिळवून वर्गमूळ घे, २०.७ येतात. दोन वेगळ्या वाटांनी एकच उत्तर आलं की मग कटिंगला द्यायचं. मधल्या पायऱ्यांवर आकडे छाटू नकोस. चार दशांश ठेव आणि अगदी शेवटी इंचांत किंवा मिलिमीटरमध्ये आण.

साइन या शब्दाबद्दल एक गोष्ट सांगावीशी वाटते, कारण तो परका वाटला की भीती वाढते. तो आपल्याकडूनच गेलेला आहे. आर्यभटानं इ.स. ४९९ मध्ये पावणेचार अंशांच्या टप्प्यानं २४ अर्धज्यांच्या किमती दिल्या. ज्या म्हणजे धनुष्याची दोरी. वर्तुळाचा कंस हे धनुष्य, त्याची दोरी ही ज्या, आणि तिचा अर्धा भाग म्हणजे आपल्या त्रिकोणातली समोरची बाजू. जीवा हा त्याचाच दुसरा शब्द अरबीत जीब झाला, तो पुढं जैब असा वाचला गेला, जैब म्हणजे कपड्याची घडी, आणि लॅटिनमध्ये त्याचं भाषांतर सायनस झालं. कोसाइन म्हणजे काटकोनातल्या उरलेल्या कोनाचं साइन, आपल्याकडं त्याला कोज्या म्हणतात. सोलापुरातला वेल्डर कर्ण हा शब्द वापरतो तोही त्याच घरातला.

आता कोन काढायचा कसा.

बाजू माहीत आहेत, कोन अज्ञात आहे, तेव्हा प्रश्न उलटा होतो: "असा कोणता कोन आहे ज्याचं टॅन ०.७ आहे?" कॅल्क्युलेटरवर शिफ्ट आणि टॅन दाबायचं ते हे विचारण्यासाठी. त्या बटणावर टॅनच्या डोक्यावर उणे एक लिहिलेलं असतं, त्यामुळं बऱ्याच जणांना ते १ भागिले टॅन वाटतं. तसं नाही. १ भागिले ०.७ म्हणजे १.४३, तो काही कोन नव्हे. शिफ्ट टॅन ०.७ म्हणजे ३५ अंश.

०.७ मी मुद्दाम घेतलं. घरातल्या जिन्यात पायरीची उंची १७.५ सेंटिमीटर आणि पाय ठेवायची रुंदी २५ सेंटिमीटर असली की टॅन ०.७ येतो आणि रेलिंगचा ढाळ ३५ अंश. पण बघ, नवीन मुलं हे गणित कसं करतात. मजला ३.१५ मीटर उंच, म्हणजे १७.५ च्या १८ उंच्या. जिन्याची आडवी लांबी ४.२५ मीटर. ३१५ भागिले ४२५ म्हणजे ०.७४१, कोन साडेछत्तीस अंश. दीड अंशाचा फरक कुठून आला? उंच्या १८ असतात, पण पाय ठेवायच्या जागा १७ च, कारण अठराव्या उंचीनंतर आपण थेट मजल्यावर पाऊल टाकतो. ४२५ ही १७ पायऱ्यांची लांबी आणि ३१५ ही १८ पायऱ्यांची उंची. दोन वेगळ्या त्रिकोणांच्या बाजू एकत्र भागल्या गेल्या. पहिल्या पायरीच्या नाकापासून मजल्याच्या नाकापर्यंत मोजलंस तर उंची १७ गुणिले १७.५, म्हणजे २९७.५ येते, आणि ४२५ नं भागलं की पुन्हा ०.७. सूत्र बरोबर, कॅल्क्युलेटर बरोबर, त्रिकोणच चुकीचा, असं कामावर खूपदा होतं. मला विचारशील तर गणित शिकवताना सगळ्यात जास्त वेळ आकृतीवर घालवायला हवा. शाळेत तो सगळ्यात कमी मिळतो.

लहान कोनांसाठी एक अंदाज पाठ ठेव: एका मीटरला पावणेदोन सेंटिमीटर चढ म्हणजे एक अंश. १० अंशांच्या आत हे चांगलं चालतं. व्हीलचेअरच्या रॅम्पला १२ ला १ असा चढ असतो, त्याचा कोन पावणेपाच अंश. गच्चीला १०० ला १ ढाळ दिला तर तो सहा दशांश अंशही भरत नाही, तरी पाणी वाहून जातं. उतरणारं विमान साधारण ३ अंशांच्या रेषेनं येतं. टॅन ३ म्हणजे ०.०५२४, म्हणजे धावपट्टीवर टेकायच्या जागेपासून एक किलोमीटर अलीकडं ते जेमतेम ५२ मीटर उंचीवर असतं. होटगी रोडच्या विमानतळाजवळची साखर कारखान्याची सहवीजनिर्मितीची चिमणी जून २०२३ मध्ये पाडली, तुला आठवत असेल. ती नव्वद मीटरच्या घरातली होती. ९० ला ०.०५२४ नं भाग: १७०० मीटरांच्या आसपास. विमान इतकं लांब असतानाच त्याची उंची त्या चिमणीएवढी झालेली असते. चिमणीवरून सोलापुरात वर्षानुवर्षं बोलणं चाललं होतं, पण हा त्रिकोण कागदावर काढून बघितलेले फार थोडे.

उंची मोजायच्या गणितांबद्दल दोन गोष्टी पुस्तकात सहसा लिहिलेल्या नसतात.

एक, डोळ्याची उंची. उन्नतकोन, म्हणजे वर बघताना नजर आडव्या रेषेशी करते तो कोन, तुझ्या डोळ्यापासून मोजला जातो, जमिनीपासून नाही. एखाद्या जुन्या गिरणीच्या चिमणीपासून ६० मीटरवर उभी राहून ३५ अंश मोजलेस, तर ६० गुणिले ०.७००२ म्हणजे ४२ मीटर, आणि त्यात डोळ्यापर्यंतची दीड मीटर मिळवायची. साडेत्रेचाळीस.

दुसरी जास्त महत्त्वाची: कुठं उभं राहायचं. हातानं मोजलेला कोन एक अंशानं चुकतोच. वर ३५ ऐवजी ३६ वाचला गेला तर उंचीत दीड मीटरहून थोडी जास्त चूक. तीच चिमणी अगदी जवळ जाऊन, सव्वाअकरा मीटरवरून ७५ अंशांत बघितली आणि ७६ वाचला गेला, तर चूक तीन मीटरांची. फार जवळ वाईट, फार लांबही वाईट. एका अंशाची चूक सगळ्यात कमी महाग पडते ती ४५ च्या आसपास. म्हणून मी कागदाचा चौरस कर्णावर दुमडतो, त्याच्या एका कडेला ओळंबा सोडून दुसरी कड आडवी धरतो, तिरक्या कडेवरून शेंडा दिसेपर्यंत मागंपुढं सरकतो, आणि मग पावलांनी नव्हे, टेपनं अंतर मोजतो. ४५ ला टॅन १, म्हणजे अंतर हीच डोळ्याच्या वरची उंची. कॅल्क्युलेटर खिशातच राहतो.

आखणीतल्या काटकोनाचंही सांगून टाकतो, कारण ड्राफ्ट्समनला साइटवर जावंच लागतं. ३० बाय ४० च्या प्लॉटचा कर्ण ५० फूट हवा, हे इथल्या प्रत्येक गवंड्याला माहीत आहे. ३, ४, ५ ची ती दहापट. "दोन इंच इकडंतिकडं चालतंय" असं मात्र कुणी म्हटलं तर ऐकू नकोस. कर्ण ५० फूट २ इंच आला तर तो कोपरा ९० नाही, ९०.४ अंशांचा आहे, आणि ४० फुटांची भिंत टोकाला सव्वातीन इंच सरकलेली आहे. पुढं फरशी बसवताना शेवटच्या रांगेत पाचर कापावी लागते ती यामुळं.

आता तू अडकतेस ते, दोन त्रिकोण.

दोन त्रिकोण एकत्र आले की त्यांच्यात काहीतरी सामाईक असतं, बहुधा एक बाजू. तीच दोघांमधला पूल. आधी ती शोधायची, विचारलेल्या बाजूच्या मागं लागायचं नाही. भुईकोट किल्ल्याच्या खंदकाच्या अलीकडं तू उभी आहेस असं धर. पलीकडच्या बुरुजाची उंची हवी आहे, पण खंदकामुळं बुरुजाच्या पायथ्यापर्यंत टेप नेता येत नाही. समजा इथून शेंडा ४५ अंशांवर दिसतो आणि सरळ १० मीटर मागं गेलीस की ३० अंशांवर. दोन्ही त्रिकोणांत सामाईक काय? बुरुज. डोळ्याच्या वरची त्याची उंची 'उ' धर. ४५ वर असताना तुझं अंतर उ इतकंच. ३० वर असताना अंतर १.७३२ उ. या दोन अंतरांतला फरक म्हणजे तू चाललेले १० मीटर. म्हणजे ०.७३२ उ बरोबर १०, उ बरोबर १३.६६ मीटर, अधिक डोळ्याची उंची. पुस्तकात हे गणित दोन समीकरणांनी अर्धं पान खातं. सामाईक बाजूच्या भाषेत दोन्ही अंतरं मांडली की तीन ओळींत सुटतं. (१.७३२ विसरलीस तर समभुज त्रिकोण काढून मधोमध काप: कर्ण २, छोटी बाजू १, उरलेली वर्गमूळ ३.)

दुसरं उदाहरण माझ्या रोजच्या कामातलं देतो, त्यात सामाईक बाजू सहज दिसत नाही. सोलापूरचा अक्षांश साधारण १७.७ अंश उत्तर. म्हणून गच्चीवरचं सोलर पॅनेल दक्षिणेकडं तोंड करून १८ अंशांच्या आसपास कलवतात. पॅनेल २ मीटर लांब आहे असं धर. मागच्या रांगेवर पुढच्या रांगेची सावली पडू नये, तर मधे जागा किती सोडायची?

पहिला त्रिकोण पॅनेलचा. कर्ण २ मीटर, कोन १८ अंश. मागची कड किती वर उचलली गेली? ती समोरची बाजू, लगतची झाकली, साइन: २ गुणिले ०.३०९० म्हणजे ६२ सेंटिमीटर. दुसरा त्रिकोण सावलीचा. त्यातली उभी बाजू तीच, ६२ सेंटिमीटर. इथं पूल मिळाला. सावली लगतची, सूर्यकिरण कर्ण, कर्ण झाकला, टॅन. कोन कुठला घ्यायचा? वर्षातला सगळ्यात खालचा मध्यान्हीचा सूर्य, म्हणजे २१-२२ डिसेंबरचा. ९० मधून अक्षांशाचे १७.७ वजा, त्यातून त्या दिवशी सूर्य विषुववृत्ताच्या जितका दक्षिणेला असतो ते २३.४ वजा: ४८.९ अंश. टॅन १.१४६. सावली अज्ञात आणि ती भागाकाराच्या खाली, म्हणून भागायचं: ६२ भागिले १.१४६ म्हणजे ५४ सेंटिमीटर.

पण ही मध्यान्हीची सावली, आणि सोलापुरात सूर्य माथ्यावर येतो तो घड्याळात साडेबाराच्या सुमारास. डिसेंबरात सकाळी साडेनऊच्या आधी-नंतर तो ३० अंशांवरच असतो. तेव्हा त्याच ६२ सेंटिमीटरची सावली एक मीटरहून थोडी जास्त, म्हणजे १ मीटर ७ सेंटिमीटर पडते. ती तिरकी पडत असल्यामुळं मागच्या रांगेच्या दिशेनं तिचा ७२ सेंटिमीटरचाच भाग जातो. हाही एक काटकोन त्रिकोणच आहे, जमिनीवर आडवा पसरलेला: कर्ण १०७, आणि उत्तर दिशेशी सावलीचा कोन ४८ अंशांच्या जवळ. त्या कोनाची लगतची बाजू हवी, समोरची झाकली, कॉस. कॉस ४८ म्हणजे ०.६६९, १०७ ला गुणून बघ. म्हणून ५४ वर मी थांबत नाही, ८० सेंटिमीटर सोडतो.

ही तिन्ही आकृती एकामागून एक वहीत काढ, प्रत्येकीवर टिंब दे, झाकलेल्या बाजूवर पेन्सिलीनं काट मार, आणि पॅनेल २ मीटरऐवजी सव्वादोन मीटरचं असेल तर किती जागा लागेल ते काढ. मध्यान्हीची सावली ६०-६१ सेंटिमीटर आणि सकाळची उत्तरेकडची ८०-८१ सेंटिमीटर आली पाहिजे. नाही आली तर आधी साइन ३० दाबून बघ.